सहा कॅसेटची निरवानिरव

मी, श्रीमती येसूबाई महादेव खरात, वय वर्षे साठ, पूर्वीचा व्यवसाय टंकलेखन शिक्षिका, सध्याचा व्यवसाय काय म्हणावा ते पुढे येईलच, राहणार खणभाग, सांगली, आज सोमवार दिनांक ९ नोव्हेंबर १९९८ रोजी माझ्या राहत्या घरी, पुढच्या खोलीत बसून, माझ्या मागे कोणाला काय द्यावे ते लिहून ठेवते. मला कोणी भरीस घातलेले नाही, कोणी धाक दाखवलेला नाही. यापूर्वी मी असा कागद केलेला नाही. यात लिहिलेले माझ्या पश्चात अंमलात यावे. तोवर सगळ्या वस्तू माझ्या आहेत आणि मी त्या वापरणार आहे.

कलम १. माझ्या डोक्याविषयी

इतर लोकांच्या मृत्युपत्रात मन शाबूत असल्याचे एक वाक्य पुरते. माझ्या बाबतीत ते पुरणार नाही, म्हणून सविस्तर लिहिते.

दिनांक १२ जुलै १९९४, मंगळवारी सकाळी, वर्गात मुलींची वेगाची चाचणी चालू असताना मला अर्धांगाचा झटका आला. हातातले घड्याळ खाली पडले. मुलींना वाटले वेळ संपली, म्हणून त्या थांबल्या. उजवा हात, उजवा पाय आणि वाचा, तिन्ही एका क्षणात गेले. पुढे वाचा आली, पाय आला, हाताची चार बोटे आली. करंगळी आली नाही. तिच्या वाट्याची अक्षरे मी अनामिकेकडून काढून घेते. हा सगळा कागद मी स्वतः टाइप केलेला आहे. खाडाखोड चार ठिकाणी आहे, तिथे मी आद्याक्षरे टाकली आहेत.

डॉ. शैलजा मगदूम यांनी आज सकाळी मला तपासले. तारीख विचारली, वार विचारला, सतरा अठ्ठे विचारले. मी त्यांना एकोणीस अठ्ठेही सांगितले. त्यांचा दाखला सोबत जोडला आहे.

माझ्याविरुद्ध एकच पुरावा पुढे येण्यासारखा आहे, तो मीच मांडते. ही बाई दिवसभर टीव्हीला यंत्र जोडून व्हिडिओ गेम खेळते, असे गल्लीत बोलले जाते. खेळते हे खरे आहे. दिवसभर हे खोटे आहे. दुपारी अडीच ते पाच, रविवारी सुटी, आणि ते का खेळते हे ज्याला समजून घ्यायचे आहे त्याने पुढची कलमे वाचावीत.

कलम २. घर, शिल्लक आणि स्वप्ना

पुढच्या दोन खोल्या, स्वयंपाकघर आणि मागची पडवी असलेले हे घर माझ्या स्वकष्टाचे आहे. १९७६ साली जागा घेतली आणि वर्गाच्या फीमधून तीन वर्षांत बांधले. माझे पती कालकथित महादेव मिरजेला टपाल खात्यात छाननीचे काम करीत. नोंदणीच्या दिवशी ते म्हणाले, "तुझ्या बोटांनी बांधलंय, तुझ्याच नावावर राहू दे." त्या काळी असे म्हणणारा नवरा मला मिळाला याची नोंद सरकारी कागदावर कुठेच नाही, म्हणून इथे करते.

हे घर, बँकेतली शिल्लक, पोस्टातले पुस्तक आणि माझे दोन दागिने माझी मुलगी स्वप्ना हिला द्यावेत. ती एकुलती एक आहे. कुपवाडला एका कारखान्यात ट्रान्सफॉर्मर जुळवण्याच्या कामावर आहे, रोज मोपेडवर जाते. माझ्या आजारपणात तिने सकाळी माझी आंघोळ उरकून आठाची पाळी गाठली आणि चार वर्षांत एकदाही ते मला ऐकवले नाही. त्या काळात तिला आलेली दोन स्थळे तिने मला न सांगता परत पाठवली, हे मला नंतर कळले. तिने लग्न करावे की नाही, केले तर कोणाशी, याबद्दल माझी कोणतीही अट नाही. कोणी नातेवाईक 'आईची शेवटची इच्छा' म्हणून तिला काही सांगू लागला तर तिने हे कलम दाखवावे.

घराबाबत अट एकच आहे. पुढची मोठी खोली दुपारच्या वर्गाला द्यावी. तिला वर्ग नको झाला, तर तसे सांगण्याचा तिला पूर्ण हक्क आहे. पण एक महिना आधी सांगावे.

कलम ३. लालासाहेब यांना

माझे धाकटे दीर लालासाहेब यांना या घरात कोणताही हिस्सा नाही. त्याचे कारण लिहिणे भाग आहे.

झटक्यानंतर पाचव्या दिवशी मी दवाखान्यात पडून होते. बोलता येत नव्हते, ऐकू मात्र सगळे येत होते. लालासाहेब आले. त्यांनी कॉटवर एक कागद ठेवला, खिशातून शाईचे पॅड काढले आणि माझा उजवा अंगठा हातात घेतला. घराच्या मागच्या पडवीवर माझा हक्क नाही, असे त्या कागदावर होते. ते माझ्या डोळ्यांसमोर होते आणि मी ते वाचू शकत होते. आयुष्यभर मुलींना सही कशी करायची ते शिकवले आणि माझा अंगठा मला ओढून घेता येत नव्हता.

तेवढ्यात पाळीवरच्या नर्सबाई आल्या. "काय चाललंय इथं?" एवढेच त्या म्हणाल्या. लालासाहेब कागद घेऊन गेले, पॅड विसरले. त्या नर्सबाईंचे नाव मी नंतर विचारायला गेले तेव्हा त्यांची बदली झाली होती. त्या कुठे असतील तिथे त्यांचे भले होवो.

ते शाईचे पॅड मी जपून ठेवले आहे. ते लालासाहेबांना परत द्यावे. माझ्याकडे त्यांची एवढीच वस्तू आहे.

त्यांना साखरेचा आजार आहे आणि अलीकडे त्यांचा डावा हात थरथरतो, असे स्वप्ना सांगते. त्यांना वर्गात यायचे असेल तर कोणी अडवू नये. विटांच्या खेळापासून सुरुवात करावी आणि पहिले पंधरा दिवस त्यांना घाई करू देऊ नये. त्यांचा स्वभाव घाईचा आहे.

कलम ४. माझा भाऊ धनाजी

हे कलम लांब होईल. धनाजी माझ्यापेक्षा चार वर्षांनी लहान. कोरेगावजवळच्या आमच्या गावी राहतो, रेल्वेत गँगमन आहे. रूळ ठोकून त्याचे हात असे झाले आहेत की चहाचा कप त्याच्या मुठीत दिसत नाही.

१९८४ च्या मे महिन्यात आमची आई गेली. मला तार आली नाही. पोस्टकार्ड आले आणि तेही तिसऱ्या दिवशी. मी पोहोचले तेव्हा सगळे उरकले होते. दारात बायका बसल्या होत्या. त्या सगळ्यांच्या देखत मी धनाजीला म्हणाले, "तू मला आईचं तोंड बघू दिलं नाहीस. आजपासून मला भाऊ नाही." तो काही बोलला नाही. मी आल्या पावली परत फिरले. त्याच्या मुलीच्या, पिंकीच्या, नाव ठेवण्याला गेले नाही, त्याच्या घरभरणीला गेले नाही. महादेव गेले तेव्हा तो आला आणि मागच्या मागे निघून गेला. असे दहा वर्षे चालले.

मी दवाखान्यातून घरी आले तेव्हा दिवसा माझ्याजवळ थांबायला कोणी नव्हते. स्वप्नाने मला न विचारता मामाला पत्र टाकले. तिसऱ्या दिवशी सकाळी तो पत्र्याची ट्रंक घेऊन दारात उभा राहिला. दोन महिन्यांची रजा काढून आला होता. मी भिंतीकडे तोंड केले.

त्याने भाकरी केल्या, माझे कपडे धुतले, मला उचलून पडवीत नेले आणि आणले. मला बोलता येत नव्हते आणि तो बोलत नव्हता. व्यायामाच्या बाईंनी दाबायला रबरी चेंडू दिला होता. तो मी डाव्या हाताने फेकून दिला. धनाजीने उचलून आणला, मी परत फेकला. दिवसाला वीस-वीस वेळा हा प्रकार व्हायचा, आणि डाव्या हाताचा व्यायाम तेवढा उत्तम झाला.

मग एक दिवस स्वप्ना कारखान्यातल्या मैत्रिणीकडून टीव्हीला जोडायचे जुने खेळाचे यंत्र घेऊन आली. दोन रिमोट, दोन कॅसेट. कोपऱ्याचा टवका उडालेला. म्हणाली, "आई, चेंडू नको ना तुला? मग हे घे. डाव्या अंगठ्यानं दिशा, उजव्यानं बटण. टाइपरायटरच समज." जोडून दिले आणि कामाला निघून गेली.

पडद्यावर वर विटांची रांग, खाली एक फळी आणि फळीवर चेंडू. डाव्या अंगठ्याने फळी सरकत होती. पण चेंडू सुटायला उजवे बटण दाबावे लागते. माझा अंगठा बटणावर ठेवलेला होता आणि तो माझा नव्हताच. मी फळी इकडे नेली, तिकडे नेली. चेंडू तसाच चिकटून बसलेला. किती वेळ गेला माहीत नाही. धनाजी स्वयंपाकघराच्या दारात पिठाच्या हातांनी उभा होता. तो आला, हात धोतराला पुसले आणि आपल्या अंगठ्याने बटण दाबले. चेंडू सुटला. चेंडू खाली पडला की तो पुन्हा यायचा, दाबायचा, पुन्हा भाकरीकडे जायचा. त्या दिवशी दोन भाकरी करपल्या.

दुसऱ्या कॅसेटमध्ये रणगाड्यांचा खेळ होता. आपला एक रणगाडा, खाली आपला किल्ला, वरून शत्रूचे रणगाडे येतात. इथे बटण सतत दाबावे लागते. मग तो माझ्या शेजारीच बसला. एक रिमोट, दोन माणसे. डावी बाजू माझी, उजवी त्याची. आठ दिवस आम्ही असे खेळलो, एक शब्द न बोलता. मी रणगाडा वळवायची, त्याने गोळी झाडायची. पण त्याला खेळातले कळायचे उशिरा. रेल्वे लांबून दिसते, हे रणगाडे कोपऱ्यातून निघतात.

१६ ऑगस्टची दुपार होती. शत्रूचा रणगाडा आमच्या किल्ल्याच्या अगदी तोंडाशी आला, माझा बरोबर समोर उभा, आणि धनाजी खिडकीबाहेर बघत होता. माझ्या तोंडातून आले, "दाब!"

पाच आठवड्यांनी आलेला तो पहिला शब्द. धनाजीने माझ्याकडे पाहिले. किल्ला उडाला.

"काय म्हनलीस, अक्का?"

मी प्रयत्न केला. जीभ जड झालेली. मग आणखी एक शब्द आला, तोही न बोलावता. "मुडद्या!"

तो उठला आणि तसाच अनवाणी पळत कोपऱ्यावरच्या एस.टी.डी. बूथवर गेला. कारखान्यात फोन लावला. फोन घेणाऱ्या रखवालदाराला त्याने जे सांगितले ते स्वप्ना आजही सगळ्यांना सांगते: "स्वप्नाला म्हनावं, लगेच घरला ये. तुजी आई मला शिव्या द्याला लागली!" ती अर्ध्या पाळीतून आली. आम्ही दोघे तोवर पुढचा डाव मांडून बसलो होतो.

शब्द नंतर एकेक करून आले. माझे पहिले पूर्ण वाक्य मी दहा दिवस मनात जुळवत होते. त्याची रजा संपायच्या आदल्या संध्याकाळी मी ते बोलले. "तार... का... नाही... केलीस?"

त्याने रिमोट खाली ठेवला. "आईपासनं उठवंना मला, अक्का. तार कराय मीच जाया पायजे हुतं. दुसऱ्याला धाडलं, त्यो गेलाच न्हाई. दुसऱ्या दिशी कळलं, मग कार्ड टाकलं."

"का... बोलला... नाहीस?"

"काय बोलू? मीच गेलो न्हवतो. तू म्हनलीस ते खरंच हुतं की."

तो कोण, जो गेलाच नाही, त्याचे नाव धनाजीने मला अजून सांगितलेले नाही. मी पुन्हा विचारलेही नाही. त्या दारात मी त्याला एक प्रश्न विचारायला हवा होता. मी निकाल देऊन मोकळी झाले. दहा वर्षे त्याची गेली आणि माझीही. यात दोष माझा आहे आणि तो मी इथे लेखी कबूल करते, म्हणजे पिंकीला कळावे की तिची आत्या तिच्या नाव ठेवण्याला का आली नव्हती.

पुढे तो दर रविवारी पॅसेंजरने यायचा. आम्ही पद्धत बदलली. बटणावर माझा अंगठा, त्यावर त्याचा. तो दाबायचा तेव्हा माझाही दबायचा. ऑक्टोबरातल्या एका रविवारी खेळ चालला होता, गोळ्या सुटत होत्या, आणि मी म्हणाले, "धना, जरा हळू दाब, अंगठा दुखतोय."

तो म्हणाला, "अक्का, म्या हात कवाच उचललाय."

मी खाली पाहिले. त्याचे दोन्ही हात त्याच्या मांडीवर होते.

धनाजीला मी पुढील वस्तू देते: रणगाड्यांची कॅसेट, आणि दोन रिमोटपैकी तो, ज्याचे उजवे बटण त्याच्या अंगठ्याने आत बसले आहे. खेळायला त्याच्याकडे यंत्र नाही हे मला माहीत आहे. म्हणून वर्गातल्या यंत्रावर खेळायला त्याने कधीही यावे, त्याला रविवारचीही सुटी नाही.

कलम ५. यंत्र, बाकीच्या कॅसेट आणि कोणाला कोणता खेळ द्यावा

दुपारचा वर्ग असा सुरू झाला. माझा हात बघून व्यायामाच्या बाईंनी १९९५ साली एका रुग्णाला माझ्याकडे पाठवले, मग दुसऱ्याला. टंकलेखनाच्या मुली तोवर कमी होत चालल्या होत्या, संगणकाचे वर्ग निघाले होते. खोली रिकामी, टेबले रिकामी. आजवर एकेचाळीस जण येऊन गेले. सगळ्यांचे हात परत आले असे मी म्हणणार नाही. पण रुसून भिंतीकडे तोंड करून बसलेला एकही राहिला नाही.

यंत्र स्वप्नाच्या ताब्यात द्यावे, वर्गासाठी. ते जुने आहे म्हणून कोणी बदलायचा आग्रह धरेल. बाजारातल्या नव्या यंत्रांच्या रिमोटला सहा-आठ बटणे असतात. आपल्याकडे येणाऱ्या हाताला पहिले तीन महिने एक बटण पुरते, नंतर दोन. हेच यंत्र ठेवावे. बिघडले तर असलेच जुने शोधावे.

टंकलेखनात आपण आधी मधली ओळ शिकवतो, मग वरची, मग खालची. तसाच क्रम इथेही पाळावा. कॅसेटवरचे कागद केव्हाच निघाले, त्यामुळे नावे आमचीच आहेत.

पहिल्यांदा प्रत्येकाला 'विटा'. बटण एकदाच दाबायचे, बाकी फळी सरकवत राहायचे. हरले तरी कोणाला वाईट वाटत नाही, कारण थोड्या तरी विटा फुटलेल्या असतात. ज्याला महिनाभर दुसरे काही नको असेल त्याला महिनाभर हेच द्यावे.

'ठोकळे' त्यानंतर. वरून आकार पडतात, ते फिरवून बसवायचे. हात थोडा चालू लागला की हा खेळ हाताला आणि डोक्याला एकदम कामाला लावतो. ज्यांची वाचा गेली आहे त्यांना तो फार मानवतो, कारण शेजारी बसलेला माणूस आपोआप गप्प होतो. मला स्वतःला हाच सर्वांत आवडतो आणि माझ्या आकड्यापर्यंत वर्गातले कोणी पोहोचलेले नाही.

'रणगाडे' एकट्याला कधीही देऊ नयेत. आमची कॅसेट धनाजीला गेल्यावर दुसरी मिळवावी, कारण या खेळाला पर्याय नाही. दोन माणसे, एकच किल्ला. दोघांपैकी एक घरचा असावा. शक्य असेल तर ज्याच्याशी बोलणे नाही असा.

'बदके' हा बंदुकीचा खेळ. ज्याचा खांदा उचलतो पण बोटे उघडत नाहीत त्याच्यासाठी. स्टुलावर बसवावे, मागे भिंत असावी.

'फटफटी' शनिवारी शेवटचा अर्धा तास, तीही ज्यांचा रक्तदाब नीट आहे त्यांनाच. वळण आले की माणूस अख्खा त्या बाजूला कलतो. खुर्च्या हाताच्याच ठेवाव्यात.

सहाव्या कॅसेटच्या वेष्टणावर 'एकात नऊशे नव्याण्णव' असे छापलेले होते. आत अकराच खेळ आहेत, तेच नावे बदलून फिरून येतात. दुकानदाराला मी हे सांगितले तेव्हा तो म्हणाला, "बाई, तुमी पयल्याच, ज्यांनी मोजलं." त्यातला तिसरा तेवढा उपयोगाचा. एक होडी खडक चुकवत संथपणे जाते, मागे एक साधी धून वाजते. या आजारात माणसाला अचानक रडू येते आणि थांबवता येत नाही. तेव्हा काही बोलू नये, होडी लावून द्यावी.

लाथाबुक्क्यांचे खेळ घेऊ नयेत. एकाने प्रेमाने आणून दिला होता, मी परत केला.

कॅसेट लागली नाही तर सगळेजण तिच्यात तोंडाने फुंकर मारतात. मारू नये. टाइपरायटरच्या ब्रशला स्पिरिट लावून पितळी दात पुसावेत. यंत्राचा अडॅप्टर तासाभराने तापतो. तेव्हा बंद करून चहा करावा.

आणि बिराप्पांविषयी. बिराप्पा हाके कवठे महांकाळ तालुक्यातले मेंढपाळ. अर्धांगाने त्यांचा डावा हात गेला होता. ते १९९६ पासून दर गुरुवारी एस.टी.ने येतात. पहिल्यांदा त्यांना रणगाडे दिले तेव्हा ते गोळी झाडेनात. शत्रूच्या मागून आपला रणगाडा नेत राहिले. मी म्हणाले, "बिराप्पा, बटण दाबा की." ते म्हणाले, "ह्यास्नी मारायचं कशापायी, बाई? वळवून कोपऱ्यात न्हेतो की." अर्धा तास त्यांनी रणगाडे हाकले. हरले, पण डाव्या अंगठ्याने अर्धा तास काम केले. त्याआधी तो पाच मिनिटेही चालत नव्हता. या वर्षी आषाढात त्यांनी स्वतः लोकर कातरली आणि गुरुवारी दारातूनच ओरडले, "बाई, कातर चालली!" त्या लोकरीचे घोंगडे त्यांनी मला आणून दिले. ते वर्गातल्या खुर्चीवरच राहावे. कपाटात ठेवू नये, कोणाला देऊ नये.

कलम ६. टाइपरायटर

तीन उरले आहेत. मराठीचा मोठा पिंकीला द्यावा. ती कोरेगावला टंकलेखनाच्या परीक्षेची तयारी करते आहे. तिला सांगावे की उजव्या करंगळीची काळजी घे, वापरात असते तोवर तिची कोणी दखल घेत नाही. इंग्रजीचा विकावा. तिसऱ्याचा रोलर गेला आहे, पण कळा चांगल्या आहेत. तो वर्गात राहू द्यावा. ज्याचे एक बोट उठले त्याने त्यावर आपले नाव टाइप करून भिंतीवर लावायचे, ही आपली पद्धत आहे.

कलम ७. माझा अंत्यविधी

माझ्या वडिलांनी छप्पन्न साली दीक्षा घेतली तेव्हापासून आमच्या घरी जे होते तसेच व्हावे. साधे. डोळे दान करावेत. फोटोला मोठा हार घालू नये, माझा फोटो तसाही चांगला आलेला नाही.

कलम ८. व्यवस्था

या मृत्युपत्राची व्यवस्था स्वप्नाने पाहावी. वर्गाची किल्ली आमच्या गल्लीतले कृष्णात चौगुले, निवृत्त तलाठी, यांच्याकडे असावी. त्यांचा स्वतःचा हात याच वर्गात सुधारला आणि ते कधी उशीर करत नाहीत. त्याबद्दल त्यांना काहीही मिळणार नाही आणि त्यांनी ते मान्य केले आहे. गुरुवारी बिराप्पांनी नव्यांना शिकवावे. जो शिकला त्याने शिकवावे, त्यासाठी वेगळ्या शिक्षकाची गरज नाही.

मी गेले त्या दिवशी वर्ग बंद ठेवावा. एकच दिवस. दुसऱ्या दिवशी अडीच वाजता दार उघडावे.

मागच्या आठवड्यापासून रंगुबाई नावाच्या एक बाई येऊ लागल्या आहेत. वय पंचावन्न. वाचा पूर्ण गेलेली आहे. सून आणून बसवते, त्या पडद्याकडे बघतही नाहीत. त्यांना घाई करू नये. रोज विटा लावून द्याव्यात आणि शेजारी बसावे. मी असेन तर मी बसेन. नसेन, आणि एखाद्या दुपारी रंगुबाईंनीच विचारले की बाई कुठे आहेत, तर त्या बोलल्या असा त्याचा अर्थ होतो. आधी त्यांच्या सुनेला हाक मारावी, सगळ्यांनी मिळून आनंद करावा, चहा करावा. माझे उत्तर त्यानंतर द्यावे.

वरील आठही कलमे मी स्वतः टाइप केली, स्वतः वाचली, आणि साक्षीदारांना मोठ्याने वाचून दाखवली. खाली सही करते.

(सही) येसूबाई महादेव खरात

आमच्या समक्ष श्रीमती खरात यांनी सही केली, आणि त्यांच्या समक्ष आम्ही केली. या कागदाने आम्हांला काही मिळत नाही.

साक्षीदार १. (सही) कृष्णात बाळू चौगुले, निवृत्त तलाठी, खणभाग, सांगली

साक्षीदार २. (सही) अर्जुना तातोबा सूर्यवंशी, किराणा दुकानदार, खणभाग, सांगली

सोबत: डॉ. शैलजा मगदूम यांचा दाखला, एक पान

स्थळ: सांगली
दिनांक: ९ नोव्हेंबर १९९८, दुपारी सव्वादोन